कफ्र जौहरच्या छताबद्दल खिताम काय बोलली

पाचवीही मुलगीच झाली तेव्हा अबू सुहादने तिचं नाव खिताम ठेवलं. खिताम म्हणजे समाप्ती. तो पॅलेस्टाइनमधल्या तुलकर्म-नाबलूस बसचा ड्रायव्हर. फार बोलणारा माणूस नव्हे. देवाला जे सांगायचं ते त्याने मुलीच्या नावातच सांगून टाकलं, की आता पुरे. देवानेही ऐकलं, सहावं मूल झालंच नाही. लोक थोरलीच्या नावावरून त्याला सुहादचा बाप, अबू सुहाद म्हणत राहिले आणि पुढे त्यालाही त्याचं काही वाटेनासं झालं. फक्त जिचं नाव समाप्ती, तिचं बोलणं कधी समाप्त होईना.

“नाव चुकलं,” तिची आई, उम्म सुहाद, पीठ मळता मळता म्हणायची. “हिला झोपेतसुद्धा कुणीतरी उत्तर द्यावं लागतं.”

उन्हाळ्याच्या सुट्टीत ही टकळी घरात नको म्हणून बाप तिला बसमध्ये घेऊन जायचा. जेरुसलेमची वर्तमानपत्रं सकाळचे प्रवासी वाचून सीटवरच टाकून जात. परतीच्या फेरीत खिताम ती गोळा करायची आणि बापाच्या मागच्या सीटवर गुडघे टेकून, तोंड प्रवाशांकडे करून मोठ्याने वाचायची. निम्म्या लोकांना वाचता येत नव्हतं, उरलेल्यांचे चष्मे घरी राहिलेले असायचे. अनब्ता गाव येईपर्यंत पहिलं पान व्हायचं, मग कोण वारलं, मग ऑलिव्हच्या तेलाचा भाव. “थांब पोरी, ते वारलेल्याचं नाव परत वाच,” असं कुणीतरी ओरडायचं आणि ती परत वाचायची.

अकरा वर्षांची असताना एके दिवशी पेपरात काही दमच नव्हता. मागच्या सीटवर दोघं घोरायला लागले. खितामला तो अपमान सोसेना. तिने पान उलटलं आणि त्याच सुरात वाचलं, “उद्यापासून चार दिवस जॉर्डनला जायचा पूल बंद राहील.”

बस खाडकन जागी झाली. हाज्ज सब्री नावाच्या म्हाताऱ्याच्या पुतण्याचं लग्न होतं अम्मानला, शनिवारी. म्हातारा वाटेतच उतरला, घरी जाऊन बायको, सुना, ट्रंका आणि नाबलूसच्या कुनाफा मिठाईची भरलेली परात असं सगळं लटांबर गोळा करून त्याच दुपारी पुलावर जाऊन उभा राहिला. पूल बंदबिंद काही होणार नव्हता. अम्मानच्या व्याह्यांकडे तो पोचला तेव्हा भिंतींना चुना लावणं चाललं होतं आणि पाहुण्यांच्या गाद्या अंगणात उन्हात पडल्या होत्या. चार दिवसांत कुनाफा आंबली ती वेगळीच.

परत आल्यावर हाज्ज सब्री बसच्या दारात उभा राहून असा काही बरसला की नाबलूसच्या स्टँडवर गर्दी जमली. अबू सुहादने इंजिन बंद केलं.

“कुठे छापलं होतं ते?” त्याने मुलीला विचारलं.

“कुठेच नाही, बाबा.”

“मग?”

“लोक झोपले होते.”

तो तिला रागावला नाही. संध्याकाळी हाज्ज सब्रीच्या घरी घेऊन गेला, सगळ्या सुनांसमोर उभं केलं आणि जे झालं ते तिच्याच तोंडून वदवलं. धाकटी सून तोंडावर ओढणी धरून हसत होती. खितामचे कान मात्र नंतर दोन दिवस तापलेले होते.

तिने पत्रकारितेचं शिक्षण घेतलं नाही. ते शिकवायला तेव्हा जवळपास कुणी नव्हतंच. नाबलूसला इंग्रजी साहित्य शिकत होती, तर इस्रायली कब्ज्याविरुद्ध उठाव सुरू झाला आणि विद्यापीठाला कुलूप लागलं. तुलकर्मला संचारबंदी. रस्त्यावर जळके टायर, पाव आणायला जायची चोरी. जगाला यातलं काय कळतंय म्हणून पेपर हातात घ्यावा तर तुलकर्मचं नावच नाही. खितामने तडक औषधवाल्या हिकमतचं दुकान गाठलं. अख्ख्या गल्लीत फोन त्याच्याकडेच. जेरुसलेमच्या पेपराचा नंबर पेपरावरच होता.

“वडिलांना फोन दे, मुली,” पलीकडून उपसंपादक, उस्ताज लुत्फी, म्हणाले.

“वडील बसवर आहेत, उस्ताज. बातमी माझ्याकडे आहे. लिहून घ्या, नाहीतर मी दुसऱ्या पेपराला फोन लावते.”

उस्ताज लुत्फींनी लिहून घेतली. दुसऱ्या दिवशी तिच्या वीस वाक्यांतली तीन छापून आली. बाकीच्यांवर लष्कराच्या सेन्सॉरने लाल रेघ ओढली होती. खितामने ती तीन वाक्यं हिकमतच्या काउंटरवर पसरून वाचली आणि म्हणाली, “उद्या तीस सांगते. पाच तरी उरतील.”

असं ते सुरू झालं. रोज सकाळी ती गल्लीबोळांतून फिरायची. कोण पकडलं गेलं, कुणाचं दुकान सील झालं, दवाखान्यात कोण आलं. त्या त्या घरी जाऊन, डोळ्यांनी बघून, मग हिकमतच्या फोनवर. हिकमत बिचारा खोकल्याच्या बाटल्या मोजल्यासारखं करत दाराकडे लक्ष ठेवायचा. एकदा मशिदीमागे सहा जणांना गोळ्या लागल्याची आवई उठली. खिताम दवाखान्यात गेली, तिथे दोघं होते. लोक म्हणाले, अगं सहा सांग, सहाने जग हलेल. तिने दोनच सांगितले, त्यांची नावं आणि वयं सांगितली. बापासमोर, सुनांसमोर तापलेले कान ती विसरली नव्हती.

दोन वर्षं तिच्या बातमीवर ‘आमच्या तुलकर्मच्या बातमीदाराकडून’ एवढंच छापलं जायचं. एकदा जेरुसलेमला जायचा योग आला तेव्हा ती उस्ताज लुत्फींच्या टेबलासमोर जाऊन उभी राहिली. जाडजूड, सिगारेटच्या धुरात बसलेला माणूस. त्याने तिला प्रथमच पाहिलं.

“माझं नाव छापा.”

“वेडी आहेस का? नाव छापलं की सैनिक दारात येतील.”

“सैनिक तीनदा येऊन गेलेत. त्यांना माझं नाव, घर, मांजर, सगळं ठाऊक आहे. फक्त वाचकांनाच ठाऊक नाही.”

लुत्फी खोकेपर्यंत हसले. पुढच्या आठवड्यापासून नाव आलं. अबू सुहादने तो पेपर बसच्या आरशामागे खोचून ठेवला. कुणी विचारलं तर म्हणायचा, “ऊन येतं म्हणून लावलाय.” सैनिक चौथ्यांदाही आले. तेव्हा मात्र तिला घेऊन गेले आणि हिवाळ्याचे काही आठवडे ती आत होती. तिथून आली ती बारीक होऊन, पण बडबड तेवढीच. आत बायकांनी तिला विणकाम शिकवलं, तिने त्यांना इंग्रजी शिकवलं. “स्वेटर मात्र तिरका झाला,” एवढंच ती त्या दिवसांबद्दल सांगायची.

पुढे काळ बदलला. आपलं सरकार आलं, निदान त्या नावाचं काहीतरी आलं. गावोगावी फर्निचरच्या दुकानांवर, लग्नाच्या हॉलच्या गच्चीवर रेडिओ केंद्रं निघाली. तुलकर्मच्या केंद्रावर सकाळचा कार्यक्रम खितामकडे आला. लोक फोन करून गाऱ्हाणं मांडायचे आणि ती तिथल्या तिथे संबंधित साहेबाला फोन लावायची. एकदा एका म्हातारीने दारातल्या कचऱ्याच्या ढिगाबद्दल फोन केला, तर नगरपालिकेचे साहेब म्हणाले, “कचरा उचलला गेला आहे.”

“कधी, साहेब?”

“काल.”

“हाज्जे, तुम्ही लाइनवर आहात ना? खिडकीतून बघा बरं.”

“बघायला कशाला पाहिजे, पोरी,” म्हातारीचा आवाज आला, “वासच सांगतोय. साहेबांना म्हणावं या चहाला, गच्चीत बसू.”

नगरपालिकेची गाडी कार्यक्रम संपायच्या आत आली. हॉटेलांतून, केशकर्तनालयांतून लोक तो कार्यक्रम ऐकायला लागले आणि साहेब लोक सकाळी फोन उचलायला घाबरायला लागले.

मग दुसरा उठाव. एका परदेशी वृत्तसंस्थेने तिला रमल्लाला बोलावून घेतलं. नाक्यानाक्यावर तास न् तास थांबून, कधी डोंगरातून गाढवावर बसून तिने बातम्या गाठल्या. त्याच काळात अबू सुहाद वारला. रमल्ला ते तुलकर्म रस्ता दोन तासांचा. ती पोचली दुसऱ्या दिवशी, माती देऊन झाल्यावर. जगातल्या किती जणांच्या मरणाची बातमी तिने वेळेत पोचवली होती. बापाच्या कबरीवरची माती ओली होती, तिथे ती बराच वेळ बसली आणि त्या दिवशी, आईच्या म्हणण्याप्रमाणे, जन्मात पहिल्यांदा काही बोलली नाही.

ती चाळिशीला आली तेव्हा बांधकाम मंत्रालयातून बोलावणं आलं. मंत्री डॉक्टर नबहान. कैरोत शिकलेले, भूगोलाचे प्राध्यापक, राजकारणात नवे. त्यांना प्रवक्ता हवा होता.

“सगळे म्हणतात, सित्त खिताम,” बाईंच्या नावाआधीचं अदबीचं ‘सित्त’ लावून ते म्हणाले, “की पत्रकार तुमच्यावर विश्वास ठेवतात.”

“म्हणूनच मला बोलावलंत की तरीही?”

डॉक्टर नबहान चष्म्यावरून तिच्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, “अट काय आहे?”

“एकच. जे सांगायचं नसेल ते मी सांगणार नाही, ताकास तूर लागू देणार नाही. पण खोटं मला बोलायला लावायचं नाही.”

“कबूल.”

“लगेच कबूल झालात. लोक अशी गोष्ट लगेच कबूल करतात ती वेळ आली नाही म्हणून.”

बातमीदारांच्या अड्ड्यावर तिची रेवडी उडाली. “कालपर्यंत गळ टाकून बसायचीस, आता गळाला लागलीस!” घरी उम्म सुहादचं निराळंच. “म्हणजे आता पगार घेऊन बोलणार? इतकी वर्षं फुकट बोललीस तर! आणि जगाला उत्तरं देणार म्हणे. लग्नाचं विचारलं की तुझी दातखीळ बसते, त्याचं काय?”

“त्या प्रश्नावर मंत्रालयाची भूमिका अजून ठरायची आहे, यम्मा.”

“मंत्रालयाला म्हणावं, घाई करा. मी सत्तरीची झाले.”

काम तिला जमलं. पत्रकार काय विचारणार हे तिला त्यांच्या आधी कळायचं, कारण तिने तेच विचारलं असतं. मंत्र्यांची लांबलचक, अलंकारिक भाषणं तिने कापून निम्म्यावर आणली. डॉक्टर कुरकुरायचे, “माझं सगळ्यात सुंदर वाक्य काढलंस.” ती म्हणायची, “सुंदर होतं म्हणूनच काढलं. लोक तेवढंच लक्षात ठेवतील आणि रस्ता विसरतील.”

आणि मग ती वेळ आली.

ऐन हिवाळ्यात, शुक्रवारी, पावसाच्या माऱ्यात कफ्र जौहर गावच्या मुलींच्या शाळेचं छत कोसळलं. शाळा जेमतेम तीन वर्षांची, बाहेरच्या देशांच्या मदतीतून मंत्रालयाने बांधलेली. सुट्टीचा वार म्हणून वर्ग रिकामे होते. पहारेकऱ्याचा पाय मोडला, एवढ्यावर निभावलं. आदल्या दिवशी त्याच वर्गात चाळीसएक मुली बसल्या होत्या.

खिताम दुपारीच मंत्रालयाच्या इंजिनिअरला, सिरहानला, घेऊन तिथे पोचली. पाऊस थांबला होता. मुख्याध्यापिका सित्त हालिमा शाल गुंडाळून ढिगाऱ्यासमोर उभी होती. बाकांमधून लोखंडाच्या सळ्या वर आल्या होत्या. सिरहान वाकून वाकून बघत होता, काही बोलत नव्हता.

गावकरी मात्र बोलत होते. दोन महिन्यांपूर्वी लष्कराने शाळेपासून हाकेच्या अंतरावरचं एक घर सुरुंग लावून उडवलं होतं. गावभर काचा फुटल्या होत्या, लेकरं महिनाभर रात्री दचकत होती. “त्यांनीच पाडलं हे,” लोक म्हणत होते. “त्याच दिवशी तडा गेला.”

“तडा गेला होता?” खितामने सित्त हालिमाला विचारलं.

“गेला होता. पण तडा त्याआधीही होता. मी दोनदा कळवलं. उत्तर आलं, रंग द्या.”

गाडीत बसल्यावर सिरहानने दार ओढून घेतलं आणि मगच तोंड उघडलं. “सित्त, धक्क्याने तडा वाढला असेल, नाही म्हणत नाही. पण नीट बांधलेलं छत त्याने खाली येत नाही. लोखंड निम्मंच घातलंय. आणि सिमेंट म्हणजे, बोटाने उकरलं तरी निघतंय.”

“तपासलं कुणी होतं?”

“आपल्याच माणसाने. सही आहे.”

कंत्राटदार होता अबू राइद. पक्षातलं वजनदार प्रस्थ, निवडणुकीत डॉक्टर नबहानांच्या सभांचे मांडव त्यानेच घातलेले.

खिताम रमल्लाला परतली तोवर निवेदन तयार होतं. मंत्र्यांच्या सचिवाने ते तिच्या हातात ठेवलं. कब्जेदार लष्कराच्या स्फोटांमुळे शाळेचं छत कोसळलं, आंतरराष्ट्रीय समुदायाने दखल घ्यावी, वगैरे. चांगलं लिहिलं होतं. तिने ते दोनदा वाचलं आणि आत गेली.

डॉक्टर नबहान खिडकीशी पाठमोरे उभे होते. “पहारेकऱ्याचं कसं आहे?”

“पाय जुळेल. डॉक्टर, हे मी वाचणार नाही.”

“का? स्फोट झाला नव्हता?”

“झाला होता.”

“तडे गेले नव्हते?”

“गेले होते. आणि लोखंड निम्मं होतं. सिरहानने तुम्हाला सांगितलंय, मला ठाऊक आहे.”

मंत्री वळले. चेहरा ओढलेला. “खिताम, कोण विश्वास ठेवणार नाही यावर? अख्ख्या गावाचा आधीच आहे. घरं ते पाडतात, विहिरी ते बुजवतात. एक छत त्यांच्या नावावर गेलं तर काय आभाळ कोसळणार आहे?”

“त्यांच्या पापाचा घडा काठोकाठ भरलाय. त्यात आपलं वाटीभर कशाला ओतायचं?” ती खुर्ची ओढून बसली; त्या खोलीत परवानगीशिवाय ती प्रथमच बसली. “ऐका. त्यांच्याकडे रणगाडे आहेत, विमानं आहेत. आपल्याकडे एकच गोष्ट आहे, आपण सांगतो ते तपासलं तर खरं निघतं. उद्या एखादा पत्रकार इंजिनिअर घेऊन कफ्र जौहरला गेला, आणि जाणारच, मी असते तर आजच गेले असते, की ही एक गोष्ट खोटी निघेल. मग परवा ते खरोखर घर पाडतील आणि आपण ओरडू, तेव्हा लोक म्हणतील, यांचं काय, हे छताबद्दलही असंच म्हणाले होते.”

“आणि अबू राइद?”

“त्याने मांडव चांगले घातले होते. ते पडले नाहीत.”

इतक्या तणावातही मंत्र्यांच्या ओठांच्या कोपऱ्यात काहीतरी हललं, पण लगेच विझलं. “माझी खुर्ची जाईल.”

“जाईल कदाचित. पण डॉक्टर, अशाच आणखी किती शाळा त्याने बांधल्यात?”

ते पुन्हा खिडकीकडे वळले. खाली रस्त्यावर कणसंवाला ओरडत होता. तिकडेच बघत ते म्हणाले, “मी येणार नाही पत्रकारांसमोर. तूच बोल. बुडालीस तर एकटी बुडशील.”

“मला पोहता येतं,” खिताम म्हणाली. बाहेर आल्यावर मात्र जिन्यात थांबून ती पाणी प्यायली.

दुसऱ्या दिवशी सकाळी हॉल खचाखच भरला होता. मंत्र्यांची खुर्ची रिकामी. सगळ्यांनी वह्यांत आधीच ‘स्फोट’ असा शब्द लिहून ठेवला असावा, इतके ते निवांत होते. खिताम उभी राहिली. कागद नव्हता तिच्या हातात.

“कफ्र जौहरच्या शाळेचं छत निकृष्ट बांधकामामुळे कोसळलं,” ती म्हणाली. “शाळा या मंत्रालयाने बांधली, तपासणीही या मंत्रालयाने केली. मुख्याध्यापिकांनी दोनदा तक्रार केली होती, तिची दखल घेतली गेली नाही. चूक आमची आहे.”

एकदम सगळे ओरडायला लागले. पुढच्या रांगेत रवंद नावाची एक तरुण बातमीदार होती, रेडिओची. तिचा आवाज सगळ्यांच्या वर गेला.

“पण लष्कराने गावात स्फोट केला होता ना?”

“केला होता. त्यात एका कुटुंबाचं घर गेलं आणि त्याबद्दल आम्ही तेव्हाही बोललो, आजही बोलू. त्यामुळे तडा वाढला असेल. छत त्यामुळे पडलं नाही.”

“तपासणीवर सही कुणाची?”

“आमच्या अधिकाऱ्याची. त्याला आजपासून कामावरून दूर केलंय, चौकशी सुरू झाली आहे.”

“मंत्री कुठे आहेत?”

खितामने रिकाम्या खुर्चीकडे पाहिलं. “ऑफिसात. याच कंत्राटदाराच्या बाकीच्या शाळा पुन्हा उघडण्याआधी तपासून घ्यायच्या, त्याच्या आदेशावर सही करताहेत.”

हे मात्र तिने स्वतःच्या हिंमतीवर ठोकून दिलं होतं. डॉक्टर नबहान वरच्या मजल्यावर टीव्हीसमोर बसले होते. सचिव नंतर सांगायचा, की ते वाक्य ऐकून मंत्री जागचे उठले, हातातला कॉफीचा पेला खाली ठेवला आणि ओरडले, “अरे, कागद आणा! ती खोटी पडायच्या आत!”

त्या आठवड्यात तिची जी धुलाई झाली ती विचारू नये. पक्षातले लोक म्हणाले, शत्रूच्या हातात कोलीत दिलं. पेपरांनी मंत्र्यांना उभं-आडवं घेतलं. तुलकर्मच्या गल्लीत एक शेजारीण उम्म सुहादला ऐकू जाईल अशा बेताने बोलली, “काही लोकांच्या मुली आपल्याच घराची धुणी चव्हाट्यावर धुतात.”

उम्म सुहाद पुदिना निवडत होती. तिने मान वर केली नाही. “धुतात, बाई. काही लोकांच्या घरात धुतच नाहीत, वास इथवर येतो.”

तपासणीत आणखी दोन शाळा तशाच निघाल्या. एकीच्या छताला तर नुसत्या रंगाने धरून ठेवलेलं होतं. मुलींना तंबूंत बसवलं. अबू राइदवर खटला भरला. तो वर्षानुवर्षं रेंगाळला ही गोष्ट खरी, पण त्याला नवं काम मिळालं नाही. डॉक्टर नबहानांची खुर्ची डळमळली, पडली मात्र नाही. त्या दिवसांत ते खितामशी कामापुरतंच बोलत. ‘सित्त खिताम’चं नुसतं ‘सित्त’ झालं होतं.

वसंतात, बदामाला मोहर येऊन गेल्यावर, दक्षिणेकडच्या एका वस्तीतल्या पाण्याच्या टाक्या लष्कराने पहाटे बुलडोझर घालून मोडल्या. लष्कराचं म्हणणं आलं, असं काही झालंच नाही, टाक्या जुन्या होत्या, आपोआप फुटल्या. खिताम स्वतः जाऊन आली, मग तिने चार ओळींचं निवेदन काढलं. संध्याकाळी परदेशी वाहिन्यांवर बातमी लागली ती ‘पॅलेस्टिनी असा दावा करतात’ अशी नव्हती. ‘टाक्या बुलडोझरने मोडल्या’ अशी सरळ होती.

एका वाहिनीचा जुना वार्ताहर तिला फोनवर म्हणाला, “माझ्या संपादकाने विचारलं, हे कुणी सांगितलं? मी म्हटलं, जिने छताचं सांगितलं तिने. तो म्हणाला, मग घे.”

डॉक्टर नबहान दारात येऊन उभे होते. त्यांनी बातमी पाहिली होती. थोडा वेळ घुटमळले. “सित्त खिताम,” ते म्हणाले, “जेवलात का? खालून फलाफल मागवतोय.”

“लोणचं जास्त सांगा,” ती म्हणाली. दोघांनी तिच्याच टेबलावर, कागद बाजूला सारून खाल्लं. छताचा विषय कुणी काढला नाही.

कफ्र जौहरची शाळा पुन्हा बांधायला दोन हिवाळे गेले. या वेळी सिरहान रोज जाऊन उभा राहायचा, सळी न् सळी बघायचा. कामगार त्याला ‘सासू’ म्हणायला लागले. उद्घाटनाला सगळं गाव लोटलं. मुलींनी भरतकामाचे झगे घातले होते, बायकांनी मकलूबाच्या भाताची पातेली शाळेच्या मागेच चुलींवर चढवली होती. खिताम तिसऱ्या रांगेत सित्त हालिमाशेजारी बसली. आईला घेऊन आली होती. उम्म सुहादला भाषणांत रस नव्हता, ती वाऱ्याच्या दिशेने नाक करून मकलूबात वांगं आहे की फ्लॉवर याचा अंदाज घेत होती.

डॉक्टर नबहान बोलायला उभे राहिले. “बंधू-भगिनींनो,” ते म्हणाले, “त्या हिवाळ्यात माझ्यासमोर दोन रस्ते होते. एक सोपा होता. पण मी माझ्या मनाला विचारलं, या मुलींच्या डोळ्यांत मी कसं बघणार? आणि मी ठरवलं, माझ्या लोकांना खरं सांगायचं, मग त्याची किंमत काहीही असो.”

टाळ्यांचा कडकडाट झाला. सित्त हालिमाने खितामला कोपराने ढोसलं. तिचा चेहरा लाल झाला होता. “ऐकतेयस ना? यांनी ठरवलं म्हणे! हे तर खोलीत दडून बसले होते! आणि तू गप्प?”

“बोलू द्या, सित्त,” खिताम हळूच म्हणाली. “मीच लिहून दिलंय.”

“तू?”

“एकदा चारचौघांत म्हणाले की आता पुढच्या वेळी मागे फिरता येणार नाही त्यांना. लोक आठवण करून देतील.”

व्यासपीठावर मंत्री एका सुंदर, लांबलचक, अलंकारिक वाक्यात शिरले होते. हे त्यांनी स्वतः घातलेलं होतं, खितामने कापूनसुद्धा. तिने कपाळाला हात लावला.

“वांगंच आहे,” उम्म सुहाद समाधानाने म्हणाली. “याचं संपणार कधी? भात गार होतोय.”